तात्या विंचूच्या मागचा माणूस

आपल्या ग्रुपवर दिवसातून एकदा तरी तात्या विंचू येतो. कुणाचा बॅकलॉग राहिला, कुणाचा ब्रेकअप झाला, कुणी सबमिशनच्या आदल्या रात्री जर्नल मागितलं, की तो लाल डोळ्यांचा बाहुला स्टिकर बनून हजर. 'झपाटलेला' आला 1993 मध्ये, म्हणजे आपल्यातल्या बहुतेकांचा जन्मही झाला नव्हता. आपण तो थिएटरमध्ये पाहिलेला नाही. रविवारी दुपारी टीव्हीवर, जेवणाच्या ताटासमोर, जाहिरातींचे ब्रेक सोसत पाहिलाय. तरी तो आपलाच वाटतो.

पण या बाहुल्याच्या मागे उभ्या असलेल्या माणसाबद्दल विचारा. 'डॅम इट म्हणणारा इन्स्पेक्टर ना?' एवढंच उत्तर येतं. आणि मास मीडियाच्या वर्गात विचारलं तर हमखास आणखी एक वाक्य ऐकू येतं, 'अरे, ते तर हॉलिवूडवरून ढापलेलं आहे!'

महेश कोठारे या माणसाची कारकीर्द या दोन वाक्यांत संपत नाही. बालकलाकार, वकील, नायक, दिग्दर्शक, निर्माता, मग टीव्ही मालिकांचा निर्माता असा साठ वर्षांचा प्रवास आहे हा. फिल्ममेकिंग करायचं म्हणून डोळे लावून बसलेल्या आपल्यासारख्यांना त्यातून बरंच काही उचलता येण्यासारखं आहे. ढापण्याबद्दलसुद्धा.

आधी कॅमेरा, मग कोर्ट

28 सप्टेंबर 1953 चा जन्म. घरात नाटकाचं वातावरण. वडील अंबर कोठारे रंगभूमीवरचे. 1963 मध्ये 'छोटा जवान' या मराठी सिनेमात महेश कोठारे बालकलाकार म्हणून झळकले, तेव्हा ते जेमतेम दहा वर्षांचे होते. पुढे हिंदीतही कामं मिळाली. 1968 च्या 'राजा और रंक'मध्ये गोष्टीचा सगळा भार या पोराच्या खांद्यावर होता, तोही डबल रोलमध्ये. 1970 च्या 'घर घर की कहानी'त समोर बलराज साहनींसारखा नट.

इथपर्यंत स्टोरी एकदम गुलाबी. पण बालकलाकारांचं एक दुखणं असतं. मिसरूड फुटली की लोक ओळखेनासे होतात. गोड चेहऱ्यावर मिळालेलं काम चेहरा बदलला की थांबतं. कोठारेंनी मधल्या काळात शिक्षण पूर्ण केलं, कायद्याची पदवी घेतली आणि काही काळ वकिलीही केली.

आपल्या घरांमध्ये 'आधी डिग्री घे, मग काय नाटकं करायची ती कर' हे वाक्य आठवड्यातून एकदा होतंच. ते ऐकून वैताग येतो. पण या केसमध्ये ती डिग्री वाया गेली असं म्हणता येणार नाही. निर्माता म्हणजे अर्धा वेळ करारनामे वाचणारा माणूस. वितरकाबरोबरचा करार, हक्कांची वाटणी, कुणाचे किती टक्के... सिनेमा कितीही कलात्मक असो, त्याच्या खाली सह्या लागतात. त्या सह्यांची भाषा कळणारा दिग्दर्शक तुलनेनं कमी फसतो.

ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला ते मराठी सिनेमात तरुण नट म्हणून परतले. 1983 चा 'गुपचुप गुपचुप' त्यातलाच. पण नट म्हणून काम मिळण्याची वाट बघत बसणं आणि स्वतः सिनेमा काढणं यातला दुसरा रस्ता त्यांनी धरला.

सिनेमा काढायला निघालेला पोरगा

1985 चा 'धुमधडाका'. दिग्दर्शक म्हणून पहिला सिनेमा, निर्मितीही घरचीच. तेव्हा कोठारे तिशी नुकतीच ओलांडलेले.

गोष्ट नवी नव्हती. 1964 मध्ये तमिळमध्ये सी. व्ही. श्रीधर यांनी 'कादलिक्क नेरमिल्लै' केला. त्यांनीच 1966 मध्ये त्याचा हिंदी 'प्यार किये जा' बनवला. तोच धागा घेऊन 'धुमधडाका' उभा राहिला. म्हणजे ही गोष्ट चेन्नईहून मुंबईमार्गे आपल्याकडे आली, दोन दशकांनी.

मग यात कोठारेंचं काय? कास्टिंग बघा. अशोक सराफ तेव्हा आधीच मोठं नाव होतं. शरद तळवलकर म्हणजे जुन्या पिढीचे हुकमी विनोदी नट. आणि त्यांच्यासोबत लक्ष्मीकांत बेर्डे नावाचा एक मुलगा, जो पुरुषोत्तम बेर्डेंच्या 'टुरटुर' या नाटकामुळे रंगभूमीवर गाजत होता, पण पडद्यावर अजून स्टार झालेला नव्हता. 'धुमधडाका'नंतर महाराष्ट्र त्याला लक्ष्या म्हणायला लागला. तळवलकर, सराफ आणि बेर्डे या विनोदाच्या तीन पिढ्या एका फ्रेममध्ये. प्रत्येकाचा टायमिंगचा सूर वेगळा, आणि सिनेमा चालतो तो त्या सुरांच्या टकरीवर. पाईप ओढत श्रीमंत बापाचं सोंग आणणारे अशोक सराफ आणि त्यांचं ते 'व्याख्या विख्खी वुख्खू' तर आजही रील्सवर फिरतंय. कागदावर वाचलं तर या शब्दांना काहीच अर्थ नाही. तो नटाच्या घशातून येतो. आणि नटाला तेवढी मोकळीक द्यायची की नाही, हे दिग्दर्शक ठरवतो.

यात आणखी एक गंमत आहे. लक्ष्याचं पात्र सिनेमा काढायच्या वेडानं पछाडलेलं आहे. बाप पैसेवाला, पण पोराच्या सिनेमासाठी खिशात हात घालायला तयार नाही. पोरगा बापाला स्टोरी ऐकवतो आणि बापाची पाचावर धारण बसते. मूळ सिनेमातही हा प्रसंग होता. पण नट म्हणून अडकलेल्या आणि स्वतः सिनेमा काढायला निघालेल्या तरुण दिग्दर्शकानं पहिल्याच सिनेमासाठी नेमकी हीच गोष्ट निवडावी, हे भारी आहे.

फॉर्म्युला की ब्रँड?

त्यानंतर रांगच लागली. 1987 मध्ये 'दे दणादण', 1989 मध्ये 'थरथराट', 1990 मध्ये 'धडाकेबाज', 1993 मध्ये 'झपाटलेला', 1994 मध्ये 'माझा छकुला'. नावं नीट वाचा. बहुतेक नावांत एक आवाज आहे. पोस्टर वाचतानाच काहीतरी आदळल्यासारखं वाटतं. पुढच्या काळातही 'खतरनाक', 'पछाडलेला', 'खबरदार', 'जबरदस्त' अशी एका दमात म्हणता येणारी नावं आली. आज आपण ज्याला ब्रँडिंग म्हणतो आणि ज्यावर प्रेझेंटेशन देतो, ते हा माणूस रंगवलेल्या पोस्टरच्या जमान्यात करत होता. दादरचं प्लाझा असो, लालबागचं भारतमाता असो, पुण्याचं प्रभात असो किंवा जत्रेतला तंबू, लांबून पोस्टर बघणाऱ्याला कळायचं की हा कोठारेंचा सिनेमा आहे आणि आत काय मिळणार आहे.

काय मिळायचं? लक्ष्या घाबरणार. महेश पोलिसाच्या वर्दीत येणार आणि वैतागला की 'डॅम इट' म्हणणार. एक भन्नाट नावाचा व्हिलन असणार. या नावांवर तर वेगळा पेपर लिहिता येईल! टकलू हैवान, कवट्या महाकाळ, तात्या विंचू, कुबड्या खवीस. चांदोबातल्या राक्षसांची आणि गल्लीतल्या दादांची नावं एकत्र घोटल्यासारखी. लहान मुलाला भीती वाटावी आणि त्याच वेळी हसूही यावं, असं हे मिश्रण आहे. मराठी सिनेमात तोपर्यंत खलनायक म्हणजे पाटील, सावकार किंवा छळणारी सासू. कोठारेंनी कॉमिक्समधला व्हिलन आणला आणि त्याला अस्सल मराठी नाव दिलं.

याची दुसरी बाजूही सांगायला हवी. साचा ठरला की साच्याबाहेरचं काही हाती लागत नाही. या सिनेमांतल्या नायिका बहुतेक वेळा गाण्यापुरत्या आणि शेवटी किडनॅप होण्यापुरत्या येतात. प्रेमा किरण किंवा निवेदिता जोशींसारख्या ताकदीच्या अभिनेत्री हाताशी असताना त्यांच्या वाट्याला आलेले सीन मोजले तर आज खटकतं. लहानपणी हे लक्षात येत नाही. आता हॉस्टेलवर लॅपटॉप लावून बघितलं की येतं. सिनेमा आवडणं आणि त्यातलं खटकणं, दोन्ही एकाच वेळी होऊ शकतं.

ढापलं म्हणजे नक्की काय केलं?

आता येऊ मुख्य आरोपावर. 1988 मध्ये अमेरिकेत 'चाइल्ड्स प्ले' आला. मरता मरता एक खुनी वूडू मंत्रानं आपला आत्मा बाहुल्यात घालतो. तो बाहुला एका लहान मुलाच्या हाती पडतो. बाहुल्याला पुन्हा माणूस व्हायचंय आणि त्यासाठी त्याला त्याच मुलाच्या शरीरात शिरायचंय. 'झपाटलेला'चा सांगाडा हाच आहे, यात वाद नाही.

पण सांगाड्यावर मांस कुठलं चढवलं ते बघा. तिकडे भयपट, इकडे विनोदी भयपट. तिकडे सहा वर्षांचा मुलगा आणि त्याची आई. इकडे मुलाच्या जागी थेट लक्ष्या, म्हणजे वाढलेला पण आईच्या पदराला धरून असलेला भाबडा पोरगा, आणि आईच्या भूमिकेत मधू कांबीकर. 'बाहुला बोलतो' असं लहान मूल म्हणालं तर लोक त्याचे लाड करतील. तेच वाक्य मिशा फुटलेला माणूस म्हणाला तर गाव त्याला वेडा ठरवेल. म्हणजे एक पात्र बदललं आणि विनोद आणि करुणा दोन्ही फुकटात मिळाले.

त्यातही हा लक्ष्या शब्दभ्रमकार आहे, म्हणजे ओठ न हलवता बाहुल्याला बोलतं करणारा कलाकार. त्याच्या हातात बाहुला का आहे, याचं कारण तिथेच मिळालं. शिवाय आपल्याकडे या कलेची स्वतःची परंपरा आहे. य. के. पाध्ये आणि त्यांचा अर्धवटराव हे नाव आजी-आजोबांना विचारून बघा. त्यांचे चिरंजीव रामदास पाध्ये यांनी तात्या विंचू हा बाहुला घडवला आणि चालवलाही. लिज्जत पापडच्या जाहिरातीतला तो हसरा ससाही त्यांचाच. वूडूच्या जागी मृत्युंजय मंत्र आला, शिकवायला बाबा चमत्कार आला आणि माणूस असलेल्या तात्या विंचूच्या भूमिकेत दिलीप प्रभावळकर आले.

शाळेच्या दिवसांत आपण गाईडमधून उत्तरं उतरवलीत, त्यामुळे एक गोष्ट आपल्याला चांगली माहीत आहे. उतरवलेलं उत्तर परीक्षेनंतर दोन दिवस आठवत नाही. तात्या विंचू तीस वर्षांनंतर आपल्या फोनमध्ये आहे. नुसत्या कॉपीला हे जमत नाही.

मात्र याचा अर्थ मूळ कृतीचं नाव न घेता गोष्ट उचलावी असा अजिबात नाही. तो काळ वेगळा होता. परदेशी सिनेमे इथल्या प्रेक्षकांपर्यंत फारसे पोचत नव्हते आणि हिंदी-मराठीत असं सर्रास चालायचं. आज आपण कॉलेज फेस्टिव्हलसाठी शॉर्टफिल्म करताना असं केलं तर अर्ध्या तासात कुणीतरी मूळ लिंक कमेंटमध्ये टाकेल, आणि ते योग्यच आहे. रिमेक करायचा तर हक्क घ्यावेत, श्रेय द्यावं. पण गोष्ट आपल्या मातीत रुजवायची कशी, हे शिकायचं तर 'चाइल्ड्स प्ले' आणि 'झपाटलेला' शेजारी शेजारी ठेवून बघण्याइतकी चांगली असाइनमेंट दुसरी नाही.

मोठा पडदा, तिसरी मिती

कोठारेंबद्दल लिहिताना लोक विनोदावर थांबतात. पण तंत्राची हाव हा त्यांच्या कारकिर्दीचा दुसरा कणा आहे.

'धडाकेबाज' हा पहिला मराठी सिनेमास्कोप सिनेमा म्हणून ओळखला जातो. सिनेमास्कोप म्हणजे काय, तर शूटिंग करताना खास लेन्स रुंद दृश्य दाबून नेहमीच्या 35 मिलिमीटर फिल्मवर बसवते आणि थिएटरमधल्या प्रोजेक्टरची लेन्स ते पुन्हा फाकवून पडदाभर पसरवते. हिंदीत गुरुदत्त यांचा 'कागज के फूल' 1959 मध्येच सिनेमास्कोपमध्ये आला होता. मराठीत ते यायला 1990 उजाडलं, म्हणजे 31 वर्षं लागली. थिएटरं तीच होती आणि हिंदीसाठी तिथे पडदेही होते. नसायचं ते मराठी निर्मात्याचं बजेट. आणि बजेटपेक्षाही 'मराठीला कशाला एवढं?' हा विचार आडवा यायचा. फ्रेम रुंद झाली की सेट मोठा लागतो, माणसं जास्त लागतात, लाइट्स जास्त लागतात. खर्च वाढतो, तिकिटाचा दर मात्र तोच राहतो. तरीही भूत, बाटली आणि कवटीचा मुखवटा घातलेला व्हिलन या गोष्टीसाठी त्यांनी तो जुगार खेळला.

2013 मध्ये 'झपाटलेला 2' आला तो थ्रीडीमध्ये. भारतात थ्रीडी 1984 मध्येच मल्याळममधून आलं होतं. तोच सिनेमा आपल्या आईबाबांनी 'छोटा चेतन' म्हणून हिंदीत पाहिला. मराठी प्रेक्षकाला आपल्या भाषेतल्या सिनेमासाठी चष्मा लावायला मिळायला त्यानंतर जवळपास तीन दशकं गेली. नायक होता मुलगा आदिनाथ, तोच जो 'माझा छकुला'त छोटा पोरगा म्हणून गुंडांची दाणादाण उडवत होता.

आपटलेला सिनेमा आणि गेलेला मित्र

आता तो भाग, जो मोटिव्हेशनल स्पीकर घाईघाईनं उरकतात.

'माझा छकुला'चा हिंदी अवतार 'मासूम' कोठारेंनीच 1996 मध्ये दिग्दर्शित केला. आदित्य नारायणनं लहानपणी गायलेलं त्यातलं गाणं आजही शाळांच्या गॅदरिंगमध्ये वाजतं. मग 1999 मध्ये 'लो मैं आ गया' हा हिंदी सिनेमा आला, लक्ष्मीकांत बेर्डेंना घेऊन. तो आपटला. त्याचा आर्थिक फटका किती खोल होता, याबद्दल कोठारे स्वतः मुलाखतींतून मोकळेपणानं बोलले आहेत.

दिग्दर्शक आणि निर्माता एकच माणूस असला की हे असं होतं. सिनेमा चालला तर दोन्ही खिसे भरतात. पडला तर टीकाही आपल्यावर आणि देणीही आपल्यावर. नुसता दिग्दर्शक पुढच्या निर्मात्याकडे जाऊ शकतो. निर्माता-दिग्दर्शकाला आधी मागचा हिशोब मिटवावा लागतो.

नव्वदचं दशक संपता संपता मराठी सिनेमाचीच हवा गेली होती. सिंगल स्क्रीनमध्ये हिंदीची गर्दी, घरोघरी केबल टीव्ही. अशा काळात 2004 मध्ये 'पछाडलेला' आला. हुकमी जोडी बाजूला ठेवून भरत जाधव, श्रेयस तळपदे अशी नवी पोरं पुढे आणली. सोबत दिलीप प्रभावळकरांचा इनामदार भुसनळे होताच. फॉर्म्युला जुना, चेहरे नवे. आणि तो चालला.

त्याच वर्षी, 16 डिसेंबर 2004 रोजी, लक्ष्मीकांत बेर्डे गेले. 'धुमधडाका'पासून जवळपास दोन दशकांची सोबत. कोठारेंचा जवळजवळ प्रत्येक मोठा सिनेमा लक्ष्याच्या घाबरण्यावर उभा होता. असा नट गेला की दिग्दर्शकाची अर्धी भाषा जाते. 'झपाटलेला 2'मध्ये सगळं होतं, तंत्र होतं, बाहुला होता, प्रभावळकर होते. तरी बघताना एक जागा रिकामी वाटत राहते, आणि ती थ्रीडीनं भरून निघत नाही.

साठीत दुसरी इनिंग

बहुतेक जण इथे थांबले असते. कोठारेंनी टीव्ही गंभीरपणे घेतला. 2009 मधली 'मन उधाण वाऱ्याचे' ही 'कोठारे व्हिजन'ची मालिका. मग 2014 मध्ये 'जय मल्हार'. जेजुरीच्या खंडोबाची गोष्ट, खंडोबाच्या भूमिकेत देवदत्त नागे, सोबत म्हाळसा आणि बानू. पौराणिक मालिका म्हणजे हिंदीवाल्यांचं काम, मराठीच्या बजेटमध्ये व्हीएफएक्स कुठून बसणार, अशी तोवरची समजूत. म्हणजे 'मराठीला कशाला एवढं?' हा जुनाच प्रश्न नव्या कपड्यांत. उत्तरही तेच दिलं गेलं, करून दाखवून. तेव्हा कोठारे साठ वर्षांचे होते.

त्यानंतर 'विठू माऊली', 'दख्खनचा राजा ज्योतिबा' आल्या. 'सुख म्हणजे नक्की काय असतं' 2020 ते 2024 अशी चार वर्षं चालली. रोजचा एपिसोड द्यायचा म्हणजे सिनेमापेक्षा वेगळं गणित आहे. सिनेमात एक सीन दोन दिवस घोळवता येतो. डेली सोपमध्ये संध्याकाळपर्यंत फुटेज गेलंच पाहिजे. शेकडो माणसांचे पगार त्यावर असतात. आपल्या बॅचमधल्या किती जणांना पहिली नोकरी अशा सेटवरच मिळते, हे प्लेसमेंट सेलला विचारा. मालिकांना नावं ठेवणं सोपं आहे, पण असिस्टंट म्हणून पहिला पगार बऱ्याचदा तिथूनच येतो.

पुढची पिढी वेगळ्या वाटेनंही गेली आहे. आदिनाथ कोठारेनं दिग्दर्शित केलेल्या 'पाणी' या सिनेमाला पर्यावरण संवर्धनावरच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दुष्काळी गावाची गोष्ट आहे ती, त्यात कवट्या महाकाळ नाही. 'बापाचा सिनेमा टाइमपास, मुलाचा सिनेमा सिरियस' अशी वाटणी करण्याचा मोह होतो. पण सेट कसा चालतो, पैसे कसे उभे राहतात, पडलेल्या सिनेमानंतर घरात काय होतं, हे त्या मुलानं लहानपणापासून त्या 'टाइमपास' सिनेमांच्या सेटवरच पाहिलंय.

आपण काय घ्यायचं?

आपल्या वर्गात दोन गट असतात. एकाला फक्त फेस्टिव्हलचा सिनेमा सिनेमा वाटतो. दुसऱ्याला व्ह्यूज म्हणजे सगळं. कोठारेंची कारकीर्द दोघांनाही थोडी टोचते. पहिल्या गटाला, कारण लोकांना हसवण्यासाठीही लेन्स, बाहुला आणि टायमिंग यांचा तितकाच घाम गाळावा लागतो. दुसऱ्या गटाला, कारण एक हिट म्हणजे करिअर नाही. हिटनंतर फ्लॉप येतो, माणसं जातात, माध्यम बदलतं, आणि तरी सोमवारी सेटवर उभं राहावं लागतं.

या वीकेंडला 'धुमधडाका' लावा. पोरगा बापाला स्टोरी ऐकवतो तो सीन नीट बघा, मोबाइल बाजूला ठेवून. तळवलकरांचा चेहरा बघा, बेर्डेंचे हात बघा, कट कुठे येतो आणि कुठे मुद्दाम येत नाही ते बघा. हसून झालं की रिवाइंड करा आणि पुन्हा बघा. फी न भरता मिळणारं लेक्चर आहे ते, आणि अटेंडन्सही लागत नाही.